चेहरा ठेवून घेतला, माणूस परत पाठवला

लिलियाना मांचिनी हे नाव इटालियन चित्रपटांवर मनापासून प्रेम करणाऱ्यांनाही चटकन आठवणार नाही. १९४८ साली रेनातो कास्तेल्लानी यांनी ‘सोत्तो इल सोले दि रोमा’ हा चित्रपट केला. १९४३चा उन्हाळा, जर्मन सैन्याचा ताबा, मग दोस्तराष्ट्रांच्या फौजा आणि त्यांच्यामागून आलेला काळाबाजार, अशा दिवसांत रोममधल्या एका वस्तीतली उनाड पोरे कशी मोठी होतात, याची ती गोष्ट. नायक चीरो म्हणजे ऑस्कर ब्लांदो, आणि त्याच्या उंडारण्याकडे काणाडोळा करत त्याच्यावर जीव लावणारी ईरिस म्हणजे लिलियाना. दोघेही व्यवसायाने नट नव्हते. याच चित्रपटात छोट्या कामात दिसलेला आल्बेर्तो सोर्दी पुढे इटलीचा लाडका विनोदी नट झाला. लिलियानाच्या नावावर मात्र हातावर मोजण्याइतकीच कामे राहिली, आणि त्यांतले जे काम आज सर्वांत जास्त पाहिले जाते ते जेमतेम काही मिनिटांचे आहे.

ते काम लुकिनो व्हिस्कोंती यांच्या १९५१ सालच्या ‘बेल्लिस्सिमा’मधले. घरोघर जाऊन इंजेक्शने देणारी माद्दालेना, म्हणजे आन्ना मान्यानी, आपल्या लहानग्या मुलीला सिनेमात घालायचेच या ध्यासाने चिनेचित्ता स्टुडिओचे उंबरठे झिजवत असते. मुलीची स्क्रीन टेस्ट कशीही करून पाहायला मिळावी म्हणून ती संकलन विभागात जाऊन थडकते, आणि तिथे फिल्मचे तुकडे जोडण्याच्या कामात असलेल्या एका मुलीचा चेहरा तिला ओळखीचा वाटतो. तुम्ही ‘सोत्तो इल सोले दि रोमा’मधल्या ना, असे ती हरखून विचारते. मुलगी हो म्हणते आणि तक्रारीचा सूर न लावता आपली हकीकत सांगून टाकते. दिग्दर्शकाला हवा तसा चेहरा होता म्हणून तिला एकदोनदा घेतले गेले. आपण आता नटी झालो असे समजून तिने हातातली नोकरी सोडली, ठरलेले लग्नही मोडले. आणि त्यानंतर कोणी बोलावले नाही. ही मुलगी म्हणजे लिलियाना मांचिनीच. व्हिस्कोंती यांनी पात्राचे नावही ईरिसच ठेवले आहे. पडद्यावर ती जे सांगते त्यातला शब्दन् शब्द तिच्या खऱ्या आयुष्यातला असलाच पाहिजे असे नाही, पण चित्रपट तिच्या पहिल्या चित्रपटाचे नाव उघडपणे घेतो, चेहरा तिचाच वापरतो, आणि त्या काळच्या इटालियन प्रेक्षकाला कोणाबद्दल बोलणे चालले आहे ते नेमके कळत होते.

अशा अल्पजीवी कारकिर्दींबद्दल लिहिण्याची एक ठरलेली तऱ्हा आहे. क्षणभर चमकलेली तारका, नशिबाने दिलेला दगा, गुण होते पण चिकाटी कमी पडली, वगैरे. ही तऱ्हा फार सोयीची आहे, आणि ती सोय निवडणाऱ्यांची आहे, निवडल्या गेलेल्यांची नव्हे. युद्धोत्तर इटलीतल्या ज्या चित्रपटांना आपण नववास्तववादी म्हणतो, त्यांनी रस्त्यावरून माणसे उचलून पडद्यावर आणली हे त्यांचे मोठेपण मानले जाते आणि ते तसे आहेही. पण त्या माणसांची कारकीर्द एका चित्रपटात संपणे हा त्या पद्धतीतला अपघात नव्हता, ती त्या पद्धतीतच ठरलेली गोष्ट होती. आणि ज्या चित्रपटांनी माणुसकीच्या नावाने जगाला हलवले, त्यांनी आपल्याच माणसांचे पुढे काय होते याची जबाबदारी घ्यायला हवी होती, असे मला वाटते.

पद्धत काय होती ते नीट पाहायला हवे. अनोळखी चेहरा हीच अशा चित्रपटांची मुख्य पुंजी असते. नायिका पाहताना प्रेक्षकाला दुसरी कोणतीही भूमिका आठवू नये, ती सरळ त्या गल्लीतूनच आलेली वाटावी, यासाठी तर तिला निवडलेले असते. चित्रपट चालला, चेहरा भिंतीभिंतींवर लागला, की ही पुंजी खर्च होते. पुढच्या दिग्दर्शकाला पुन्हा अनोळखी चेहराच हवा असतो, आणि तो दुसऱ्या गल्लीत फुकट मिळतो. म्हणजे चित्रपट पडला तर तिला कोणी विचारत नाही, आणि गाजला तर ती आता अनोळखी राहिलेली नाही म्हणून विचारत नाही. व्यावसायिक नटीचे यश दर चित्रपटागणिक साठत जाते, हिचे पहिल्याच चित्रपटात संपते. यात तिच्या अभिनयाचा दर्जा हा मुद्दाच येत नाही.

त्यातून आवाजाचा प्रश्न होता. त्या काळी इटालियन चित्रपटांत संवाद चित्रीकरणाच्या जागी टिपण्याऐवजी नंतर ध्वनिमुद्रणगृहात भरण्याची रीत होती, आणि अनेकदा चेहरा एकाचा नि आवाज दुसऱ्याचा असे. क्लाउदिया कार्दिनाले तर पुढे मोठी तारका झाली, पण इटालियन पडद्यावर तिचा स्वतःचा आवाज पहिल्यांदा ऐकू आला तो फेल्लिनी यांच्या १९६३ सालच्या चित्रपटात. तारकेची ही गत, तर वस्तीतून आणलेल्या पोरीची काय कथा. आवाज, उच्चार, शब्दांवरचा जोर यांतूनच नट घडत जातो. तेच शिकण्याची वेळ आली की तिचे काम संपलेले असे. रोममध्ये १९३५पासून चित्रपटशिक्षणाची सरकारी संस्था होती, तिथून चांगले नट-नट्या बाहेरही पडत होत्या, पण रस्त्यावरून आणलेल्या माणसाने पुढे तिथे जावे ही वाट या पद्धतीत बसतच नव्हती. शिकलेली नटी म्हणजे बिघडलेला चेहरा, असाच जणू हिशेब होता.

पुरुषांची गोष्ट वेगळी होती असे नाही, पण त्यांच्या गोष्टींमधून एक फरक लख्ख दिसतो. ‘बायसिकल थीव्हज’चा नायक लाम्बेर्तो माज्जोरानी हा ब्रेडा कंपनीच्या कारखान्यातला कामगार. चित्रपट जगभर गेला, ऑस्करपर्यंत पोचला, आणि माज्जोरानीची कारखान्यातली नोकरी गेली. सिनेमावाल्याला नोकरीची काय गरज, असे लोकांना वाटत राहिले आणि सिनेमावाले त्याला किरकोळ कामे देत राहिले. बेकाराची भूमिका करून माणूस बेकार व्हावा, यापेक्षा कडवट विनोद कोणत्याही पटकथाकाराला सुचला नसता. त्या चित्रपटाचे पटकथाकार चेझारे झाव्हात्तिनी यांना तो डाचलाही, आणि माज्जोरानीच्या या अवस्थेवरच चित्रपट करण्याची कल्पना त्यांनी मांडली. याउलट ‘उंबेर्तो डी.’मध्ये पेन्शनवर जगणाऱ्या म्हाताऱ्याचे काम करणारे कार्लो बात्तिस्ती हे फ्लॉरेन्स विद्यापीठातले भाषाशास्त्राचे प्राध्यापक. सत्तरीला टेकलेल्या या गृहस्थांनी आयुष्यात नायकाची एकच भूमिका केली आणि ते आपल्या शब्दकोशांकडे परतले. त्यांची कारकीर्दही एका चित्रपटाचीच, पण तिला कोणी शोकांतिका म्हणत नाही, कारण परत जायला त्यांना जागा होती. कारकीर्द छोटी असण्यात दुःख नाही, परतीचा रस्ता बंद होण्यात आहे. आणि तो रस्ता कामगारापेक्षाही तरुण मुलीचा आधी बंद होतो. नोकरी गेली तर दुसरी शोधता येते. मोडलेले लग्न, सिनेमात गेलेली मुलगी म्हणून शेजाऱ्यापाजाऱ्यांची बदललेली नजर, हे नुकसान कुठल्याही करारात लिहिलेले नसते.

मग त्या काळी ज्यांची कारकीर्द उभी राहिली त्या मुली कुठून आल्या? बऱ्याच जणी सौंदर्यस्पर्धांमधून आल्या. १९४७च्या मिस इटली स्पर्धेत लुचिया बोझे पहिली आली. त्याच स्पर्धेत जीना लोल्लोब्रिजिदा आणि जान्ना मारिया कनाले होत्या, सिल्वाना मांगानो होती. मांगानो १९४९ साली भातशेतीवर राबणाऱ्या मजूर बायांच्या ‘रिसो अमारो’ या चित्रपटात आली आणि चिखलात उभ्या राहिलेल्या त्या मुलीचे पोस्टर जगभर लागले. निर्मात्यांना गणित समजले: गरिबी दाखवायचीच असेल तर ती देखणी असावी. त्यातच १९४९च्या डिसेंबरात, सरकारात चित्रपटांचा कारभार पाहणारे राजकारणी जूलिओ आंद्रेओत्ती यांच्या पुढाकाराने चित्रपटविषयक कायदा झाला. देशी चित्रपटांना कर्ज मिळू लागले, पण कर्जाआधी पटकथा सरकारी नजरेखालून जाऊ लागली, आणि फाटक्या वस्त्यांच्या गोष्टींपेक्षा हलक्याफुलक्या ग्रामीण विनोदांना पैसा सहज मिळू लागला. पुढे १९५२ साली याच आंद्रेओत्तींनी ‘उंबेर्तो डी.’ पाहून दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिका यांना जाहीर पत्र लिहून कानउघाडणी केली. अशा बाजारात साध्या चेहऱ्याच्या, सौंदर्यस्पर्धेचा किताब नसलेल्या मुलीला जागा उरलीच तर ती मोलकरणीच्या भूमिकेत.

मारिया पिया काझीलिओचे उदाहरण यासाठी मला महत्त्वाचे वाटते. आब्रुत्सो प्रांतातून आलेली ही मुलगी ‘उंबेर्तो डी.’मध्ये घरकाम करणारी मारिया झाली. भल्या पहाटे ती उठते, डोळ्यांवर झोप तशीच असताना स्वयंपाकघरात येते, भिंतीवर काडी ओढून गॅस पेटवते, मुंग्यांवर पाणी सोडते, मग खुर्चीत बसून कॉफी दळता दळता पाय लांबवून अंगठ्याच्या टोकाने दार लोटू पाहते. दिवस गेलेले आहेत, बाप कोण ते तिलाही नक्की माहीत नाही, आणि मध्येच डोळ्यांत पाणी येते. घटना म्हणावी असे काही घडत नाही. आंद्रे बाझाँ या फ्रेंच समीक्षकाने या दृश्याला चित्रपटकलेच्या विचारात फार मोठे स्थान दिले, आणि तेव्हापासून चित्रपटाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला ते दाखवले जाते. काझीलिओ पुढे काही वर्षे बऱ्यापैकी काम करत राहिली, म्हणजे तिची कारकीर्द लिलियानाएवढी आखूड नव्हती. पण पदरी पडले ते बहुतेक मोलकरीण, खेडवळ पोर, नाही तर नायकाची भाबडी प्रेयसी. जिच्या हालचालींवर समीक्षेचा एक सिद्धांत उभा राहिला, तिला त्या सिद्धांताच्या आसपास जाणारी दुसरी भूमिका कोणी लिहिली नाही. एकदा अमुक प्रकारची म्हणून निवडले की माणूस त्या प्रकारातून सुटत नाही.

झाव्हात्तिनी यांचे उत्तर असे असते की मुळात नट हवेतच कशाला, प्रत्येकाने स्वतःचीच भूमिका करावी. विचार म्हणून यात मोठी ताकद आहे. १९५३च्या ‘आमोरे इन चित्ता’ या चित्रपटात त्यांनी आणि फ्रांचेस्को मासेल्ली यांनी तो टोकापर्यंत नेला. सिसिलीतून रोमला आलेली, घरकाम करणारी, मूल टाकून दिल्याबद्दल कोर्टापुढे उभी राहिलेली कातेरीना त्यात स्वतःच्याच वेशात येते आणि मूल टाकण्याचा तो प्रसंग कॅमेऱ्यापुढे पुन्हा करून दाखवते. त्याच चित्रपटाच्या दुसऱ्या भागात दिग्दर्शक आंतोनियोनी आत्महत्येचा प्रयत्न केलेल्या बायकांना त्या जागी नेऊन बोलते करतात. हे पाहताना मला कौतुकापेक्षा संकोच अधिक वाटतो. स्वतःची भूमिका करणाऱ्या बाईला दुसरी भूमिका कुठून मिळणार? तिच्याजवळ देण्यासारखे जे एकच होते ते तिने देऊन टाकले. प्रत्येकाने स्वतःचाच नट व्हावे या सुंदर तत्त्वाची दुसरी बाजू अशी की प्रत्येकजण एकदाच उपयोगी पडेल, आणि दिग्दर्शक मात्र दर वेळी उपयोगी पडत राहील.

यावरचा वाजवी आक्षेप मला ठाऊक आहे. दिग्दर्शक म्हणजे काही रोजगार कार्यालय नव्हे. ज्याला एकदा पडद्यावर घेतले त्याला जन्मभर पोसायचे असे ठरले तर कोणीच नवा माणूस घेणार नाही, आणि मग पुन्हा स्टुडिओतल्या पावडर लावलेल्या चेहऱ्यांचेच राज्य येईल. शिवाय त्या मुलीला जे मिळाले ते एरवी मिळालेच नसते; मोबदला मिळाला, चार दिवस बरे गेले, ती आपखुशीने आली होती. यातले बहुतेक सगळे खरे आहे, आणि प्रत्येकाला अभिनेत्री होण्याचा हक्क आहे असे माझेही म्हणणे नाही. लुचिया बोझेने १९५५ साली लग्नानंतर काम सोडले, अभिनेत्री एलेना व्हार्त्सी नट राफ व्हाल्लोनेशी लग्न झाल्यावर पडद्यापासून दूर होत गेली. अशा निर्णयांचे ओझे चित्रपटधंद्यावर टाकणे मूर्खपणाचे ठरेल. पण आपखुशीने आली या युक्तिवादात एक फट आहे. तिला चेहऱ्यासाठी घेतले आहे, कामासाठी नव्हे, आणि तिला पुन्हा कोणी बोलावण्याची शक्यता फार कमी आहे, हे दिग्दर्शकाला पहिल्या दिवसापासून माहीत असते. मुलीला ते चित्रपट संपल्यावर कळते. नोकरी सोडण्याआधी कोणीतरी बाजूला घेऊन एवढे सांगितले असते तरी पुष्कळ झाले असते. एवढे सांगायला पैसे पडत नाहीत.

व्हिस्कोंती यांनी ते सांगितले, पण कोणाला सांगितले हे पाहण्यासारखे आहे. ‘बेल्लिस्सिमा’त ईरिसची हकीकत ऐकल्यावरही माद्दालेना यंत्रघराच्या झरोक्यातून मुलीची टेस्ट पाहते. मुलगी रडते, आणि खाली बसलेली मंडळी खो-खो हसतात. दिग्दर्शक ब्लाझेत्ती यांनी त्यात स्वतःचीच भूमिका केली आहे. शेवटी करार दारात चालून येतो तेव्हा माद्दालेना तो नाकारते. दृश्य विलक्षण आहे आणि मान्यानीने ते असे काही केले आहे की अंगावर काटा येतो. पण उपाय काय निघाला? गरीब आईने शहाणे व्हावे आणि नाही म्हणावे. हसणाऱ्यांनी काय करावे याबद्दल चित्रपट काही मागणी करत नाही, आणि चिनेचित्ताचा कारखाना दुसऱ्या दिवशी तसाच सुरू राहतो. उमराव घराण्यातल्या या कम्युनिस्ट दिग्दर्शकाने स्वतःच्या धंद्याकडे बोट दाखवण्याचे धैर्य दाखवले, हे मी कमी लेखत नाही. त्या काळी इतरांनी तेवढेही केले नाही. तरीही लिलियाना मांचिनीला दुसऱ्यांदा बोलावले गेले ते अभिनेत्री म्हणून की पुरावा म्हणून, हा प्रश्न उरतोच. पहिल्या चित्रपटाने तिचा चेहरा वापरला, दुसऱ्याने तिची फसगत.

आपला या सगळ्याशी संबंध तसा जुना आहे. जानेवारी १९५२मध्ये मुंबईत देशातला पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, त्यात ‘बायसिकल थीव्हज’ आणि ‘मिरॅकल इन मिलान’ दाखवले गेले, पुढच्याच वर्षी बिमल रॉय यांचा ‘दो बिघा जमीन’ आला, आणि रस्त्यावरची माणसे घेऊन चित्रपट करण्याची आस इथेही रुजली. तिच्यासोबत तिचे देणेही आले. १९८८च्या ‘सलाम बॉम्बे’मधल्या शफीक सय्यदला बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि पुढे तो बंगळूरमध्ये रिक्षा चालवू लागला. रिक्षा चालवणे ही काही शोकांतिका नव्हे, पण वर्तमानपत्रांनी ती दर वेळी तशीच रंगवली. पारितोषिक आणि रिक्षा यांच्या मधल्या वर्षांबद्दल विचारणारे फार कोणी निघाले नाही. त्यातल्या त्यात त्या चित्रपटानंतर त्याच्या दिग्दर्शिका मीरा नायर यांनी रस्त्यावरच्या मुलांसाठी सलाम बालक ट्रस्ट उभा केला, म्हणजे काही देणे लागतो याची जाणीव तरी होती. रोममध्ये तीही दिसत नाही.

पण जाणीव ही मर्जीवरची गोष्ट असते, म्हणून प्रश्न अखेर कायद्याकडे जातो. कलावंतांच्या हक्कांचा पहिला मोठा आंतरराष्ट्रीय करार १९६१ साली झाला तो, योगायोगाने, रोममध्येच. आणि त्याच्या १९व्या कलमाने सांगितले की एकदा कलावंताने आपले काम चित्रपटात घ्यायला संमती दिली की त्या करारातले त्याचे संरक्षण संपले. गायकाला मिळाले ते पडद्यावरच्या चेहऱ्याला मिळाले नाही. ही उणीव भरून काढणारा करार बीजिंगमध्ये व्हायला २०१२ साल उजाडले आणि तो अमलात यायला २०२०. आपल्याकडे २०१२च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात कलावंताला व्यापारी वापरावर रॉयल्टीचा हक्क दिला. परंतु त्याच दुरुस्तीत एक परंतुक आहे: चित्रपटातले ज्याचे काम प्रासंगिक स्वरूपाचे आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचे नाव श्रेयनामावलीतही येत नाही, तो एका अपवादापुरता वगळता कलावंत धरला जाणार नाही. म्हणजे नाव छापायचे की नाही हे बव्हंशी निर्मात्याच्या हातात, आणि हक्क आहे की नाही हे नावावर अवलंबून. यात मला दोन साध्या सुधारणा हव्या आहेत. ज्याचा चेहरा कथेत ओळखण्याजोगा आहे आणि ज्याला शब्द किंवा कृती नेमून दिली आहे, त्याचे नाव श्रेयनामावलीत देणे निर्मात्यावर बंधनकारक असावे. आणि चित्रपटाची नवी प्रत निघते, तो नव्या पडद्यांवर विकला जातो, तेव्हा त्या विक्रीतला लहानसा का होईना वाटा अशा माणसांना किंवा त्यांच्या वारसांना मिळावा. व्यावसायिक नट मागच्या चित्रपटाच्या जोरावर पुढच्याचे मानधन वाढवून घेतो. ज्याला पुढचा चित्रपट नाही त्याची वसुली त्या एकाच चित्रपटातून व्हायला हवी.

जुन्यांच्या बाबतीत पैशाचा हिशेब आता लागणे अवघड आहे, नावांचा मात्र लागू शकतो. व्हिस्कोंती यांच्याच १९४८च्या ‘ला तेर्रा त्रेमा’मध्ये आची त्रेत्सा या सिसिलीच्या मच्छीमार गावातली माणसे आहेत. चित्रपटाच्या आरंभी एक मजकूर अभिमानाने सांगतो की सगळे नट गावातलेच आहेत: मच्छीमार, मुली, मजूर, गवंडी, मासळीचे ठोक व्यापारी. नायकाच्या बहिणी झालेल्या नेल्लुच्चा आणि आन्येझे जाम्मोना या त्या ‘मुली’ या एका शब्दात बसवल्या आहेत. त्यांची नावे अभ्यासकांच्या पुस्तकांत सापडतात. जुन्या चित्रपटांच्या प्रती आज चित्रसंग्रहालये खराब झालेली एकेक चौकट दुरुस्त करून नव्याने काढत असतात. अशा प्रतीच्या शेवटी, मूळ श्रेयनामावलीला हात न लावता, ही नावे जोडणारी एक पाटी टाकणे त्या कामाच्या मानाने काहीच नाही. मूळ कृतीत ढवळाढवळ होते हा आक्षेप इथे लागू होत नाही, कारण दुरुस्ती करणाऱ्या संस्था आणि देणगीदार यांच्या नावांच्या पाट्या त्याच प्रतींना कोणाच्याही हरकतीविना जोडल्या जातात.